ध्वनीची अक्षत प्रत

२६ ऑक्टोबर १९९९ रोजीं अमेरिकेंत एक ध्वनिमुद्रिका प्रसिद्ध झाली. तिचें नांव ‘मेट्रॉपोलिस पार्ट टू : सीन्स फ्रॉम अ मेमरी’. ‘ड्रीम थिएटर’ या नांवानें ओळखल्या जाणाऱ्या पांच जणांच्या मंडळीनें ती रचिली. सुमारें ७७ मिनिटांच्या या कृतीचा शेवट मोठा चमत्कारिक आहे. कथेंतील नायक घरीं परतला आहे. ग्रामोफोनवर तबकडी वाजत आहे. इतक्यांत मागून एक ओळखीचा आवाज त्याला डोळे उघडण्याची आज्ञा करतो. नायक दचकून ओरडतो, सुई तबकडीवरून खर्रकन् घसरते, आणि त्यानंतर गाणें नाहीं, वाद्य नाहीं, शब्द नाहीं; उरते ती नुसती खरखर. ती कांहीं वेळ चालते व मग मुद्रिका संपते.

खरखर म्हणजे ध्वनिमुद्रणांतला केर. एडिसननें १८७७ सालीं फोनोग्राफ सिद्ध केला, त्या दिवसापासून तंत्रज्ञांच्या पिढ्या हा केर काढण्यासाठीं झिजल्या. येथें मात्र रचनाकारांनीं तो मुद्दाम आणून ठेविला आहे. कारण कथेचा शेवटचा शब्द तोच आहे. मग प्रश्न असा येतो कीं, ध्वनीचा कोणता भाग ठेवण्याजोगा आणि कोणता टाकण्याजोगा, हें ठरवावें कोणी? रचणाऱ्यानें, ऐकणाऱ्यानें, कीं दोघांच्या मध्यें बसलेल्या यंत्रानें? गेल्या तीसपस्तीस वर्षांत ध्वनि साठविण्याच्या रीतींत जी उलथापालथ झाली, तिच्या मुळाशीं हाच प्रश्न होता. ज्याला आज ‘लॉसलेस’ म्हणतात, म्हणजे ज्यांत मूळ ध्वनीचा एकहि कण गळत नाहीं, अशा अक्षत प्रतीचा इतिहास या एका मुद्रिकेच्या आधारानें पाहतां येतो.

प्रथम या संगीताची ओळख करून घेणें जरूर आहे. त्याला ‘प्रोग्रेसिव्ह मेटल’ म्हणतात. यांतील ‘प्रोग्रेसिव्ह’चा आपल्या इकडील जुन्या प्रागतिक पक्षाशीं कांहीं संबंध नाहीं; नेमस्तपणा तर या संगीतांत औषधालाहि सांपडावयाचा नाहीं! दोन प्रवाहांच्या संगमांतून तें जन्मलें. पहिला प्रवाह इंग्लंडमधला. १९६९ सालीं ‘किंग क्रिम्सन’ या मंडळीची पहिली मुद्रिका निघाली, आणि रॉक संगीत हें तीन मिनिटांच्या नाचगाण्यापुरतें नसून त्यांत दीर्घ रचना, विषम लय व कथानक यांनाहि जागा आहे, असें दिसून आलें. ‘येस’, ‘जेनेसिस’ इत्यादि मंडळ्या त्याच वाटेनें गेल्या. दुसरा प्रवाह बर्मिंगहॅमच्या कारखान्यांतून आला. तेथील टोनी आयोमी या तरुणाच्या उजव्या हाताच्या दोन बोटांचीं अग्रें पत्र्याच्या कारखान्यांत यंत्राखालीं सांपडून तुटलीं. तो डावखुरा असल्यामुळें तारा दाबावयाचा हात नेमका तोच. त्यानें प्लास्टिक वितळवून बोटांना टोपणें केलीं, हलक्या तारा चढविल्या, पुढें त्या सैल करून स्वर खालीं उतरविला. आणि त्या जड, अंधाऱ्या नादांतून ‘ब्लॅक सॅबथ’चें संगीत उभें राहिलें. त्या मंडळीची पहिली मुद्रिका १९७० मधली. ‘मेटल’ संगीताचा वंश येथून मोजतात. एका अपघातानें एवढा वंश वाढावा हें नवल खरें.

हे दोन प्रवाह हळूहळू जवळ आले. कॅनडांतील ‘रश’ या मंडळीनें १९७६ सालीं ‘२११२’ नांवाची रचना केली. तिनें तबकडीची एक संपूर्ण बाजू व्यापिली होती. १९८८ सालीं ‘क्वीन्सराइक’नें ‘ऑपरेशन माइंडक्राइम’ या मुद्रिकेंत एक सबंध कथा गुंफिली. ड्रीम थिएटरची स्थापना १९८५ मधली. जॉन पेट्रूची, जॉन म्यंग व माइक पोर्टनॉय हे तिघे न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडचे तरुण बॉस्टनच्या बर्कली संगीत महाविद्यालयांत शिकत असतां एकत्र आले. गायक जेम्स लाब्री मागाहून मिळाला. १९९९ च्या मुद्रिकेच्या वेळीं कीबोर्ड वाजविण्यास जॉर्डन रूडेस आला. वयाच्या नवव्या वर्षीं जूलियार्ड या विख्यात संस्थेंत पियानो शिकूं लागलेला हा वादक आल्यानें मंडळीचें बळ पुष्कळच वाढलें.

मुद्रिकेची कथा आपल्या श्रोत्यांना परकी वाटणार नाहीं, कारण ती पुनर्जन्माची आहे. निकोलस नांवाच्या तरुणाला एका अनोळखी मुलीचीं स्वप्नें पडतात. संमोहनविद्या जाणणारा एक वैद्य त्याला निद्रिस्त करून मागें मागें नेतो, आणि त्याला कळतें कीं, ती मुलगी म्हणजे १९२८ सालीं खून झालेली व्हिक्टोरिया, आणि पूर्वजन्मींची व्हिक्टोरिया म्हणजे तो स्वतःच. खून कोणी केला याविषयीं वर्तमानपत्रांनीं छापलेली हकीकत खोटी होती, हें शेवटीं उलगडतें. दोन अंक, नऊ प्रवेश व बारा खंड अशी ही मांडणी आहे. आरंभीं वैद्याचा शांत आवाज व एकट्या गिटारचे हलके स्वर. लगेच पुढच्या खंडांत चारहि वाद्यांचा कडकडाट. कोठें सतारीचा भास होणारे स्वर, कोठें चर्चमध्यें गातात तशा समूहाचें गान. आणि ‘डान्स ऑफ इटर्निटी’ हा सहा मिनिटांचा, शब्द नसलेला खंड तर असा कीं, त्यांत लयीचें माप शंभराहून अधिक वेळां बदलतें; मध्येंच पियानोवर गेल्या जमान्यांतील रॅगटाइम वाजतो व निमिषांत नाहींसा होतो.

आपल्या संगीतांत तालाचें आवर्तन अढळ असतें आणि कलावंत त्याच्या अंगाखांद्यावर खेळून समेवर येतो. येथें आवर्तनच क्षणाक्षणाला मोडून नवें केलें जातें, आणि चारही वादक तें एका श्वासांत करतात. हें आवडणें न आवडणें ज्याच्या त्याच्या रुचीवर. ‘यांत कसरत फार, रस थोडा’ असा आक्षेप पुष्कळांनीं घेतला आहे, आणि तो सर्वस्वीं खोटा नाहीं. परंतु हें समजून घ्यावयाचें तर झांजेचा प्रत्येक आघात, बेस गिटारचा प्रत्येक ठोका निरनिराळा ऐकूं आला पाहिजे, एवढें निर्विवाद. नाहीं तर सगळा नुसता गोंगाट! ‘मेटल म्हणजे गोंगाट’ असें म्हणणाऱ्यांपैकीं कित्येकांनीं तें केवळ खराब प्रतीवरच ऐकलेलें असतें.

आतां प्रतीकडे वळूं. जुन्या तबकडीवर तीनसाडेतीन मिनिटें मावत. आपल्या गवयांनाहि ख्यालाचा संक्षेप त्याच मापांत करावा लागे. १९४८ सालीं अमेरिकेंतील कोलंबिया कंपनीनें लाँग प्ले तबकडी बाजारांत आणली आणि एका बाजूस वीसबावीस मिनिटें मिळूं लागलीं. ‘रश’ची एका बाजूभर चालणारी रचना याच मापाची. पुढें फिलिप्स व सोनी या दोन कंपन्यांनीं मिळून कॉम्पॅक्ट डिस्क सिद्ध केली. तिचे नियम १९८० सालीं ठरले व १ ऑक्टोबर १९८२ रोजीं जपानांत ती विक्रीस आली. हिची मर्यादा प्रथम ७४ मिनिटें धरण्यांत आली होती. बेथोवनची नववी सिंफनी अखंड मावावी म्हणून हा आंकडा ठरला अशी आख्यायिका आहे. आख्यायिका गोड असतात, म्हणून त्यांवर फार विसंबूं नये. ड्रीम थिएटरची ही मुद्रिका ७७ मिनिटांची, म्हणजे डिस्क कांठोकांठ भरणारी. साधनानें जेवढी जागा दिली तेवढी कलावंतानें व्यापिली.

डिस्कवर ध्वनीची रेघ नसते, आंकडे असतात. ध्वनीचे आंकडे करण्याची ही युक्ति अलेक रीव्ह्ज या इंग्रज एंजिनियरनें पॅरिसमध्यें काम करीत असतां शोधून १९३८ सालीं तिचें पेटंट घेतलें. ध्वनीच्या लाटेची उंची ठराविक अंतरानें मोजावयाची आणि तें माप लिहून ठेवावयाचें, एवढेंच तिचें मर्म. मात्र किती वेळां मोजावयाचें? गणित असें सांगतें कीं, जो उंचांत उंच स्वर टिपावयाचा, त्याच्या कंपनसंख्येच्या दुपटीहून अधिक वेळां मोजिलें तर मूळ लाट जशीच्या तशी पुन्हां उभी करतां येते. मनुष्याचा कान फार तर सेकंदाला २०,००० कंपनांपर्यंत ऐकतो. म्हणून डिस्कवर दर सेकंदाला ४४,१०० मापें घेतात, डाव्या व उजव्या कानासाठीं निरनिराळीं, आणि प्रत्येक माप ६५,५३६ पायऱ्यांपैकीं एका पायरीवर बसवितात. या हिशेबानें एका सेकंदाला १,७६,४०० बाइट लागतात. आणि आपल्या मुद्रिकेच्या ७७ मिनिटांना सुमारें ८१ कोटी बाइट.

येथेंच अडचण उभी राहिली. १९९९ सालीं सामान्य घरांतील संगणक टेलिफोनच्या तारेनें जगाशीं जोडलेला असे. ती तार सर्वस्वीं साथ देती तरी सेकंदाला सातएक हजार बाइटच आणूं शके. म्हणजे ही एक मुद्रिका तारेवरून आणावयास सुमारें बत्तीस तास! तेव्हां ध्वनीचें ओझें हलकें करण्याची युक्ति हवी होती, आणि ती जर्मनींत एर्लांगन येथील फ्राउनहोफर संस्थेंत तयार झाली होती. कार्लहाइन्त्स ब्रांडेनबुर्ग व त्याचे सहकारी यांनीं तिच्यावर वर्षानुवर्षें खपून काम केलें. सुझान व्हेगा या गायिकेचें एक साथीविना गायिलेलें गाणें त्यांनीं कसोटीसाठीं पुन्हां पुन्हां ऐकलें. कारण एकट्या मानवी कंठांतला बिघाड कानाला तत्काळ खुपतो. १९९५ च्या जुलैंत या पद्धतीच्या फायलींना ‘एमपीथ्री’ हें नांव मिळालें.

तिचें तत्त्व मराठींत एका म्हणीनेंच सांगतां येईल : नगाऱ्यापुढें टिमकीची काय मात! मोठा नाद चालूं असतां त्याच्या जवळपासच्या पट्टींतला बारीक नाद कानाला ऐकूं येत नाहीं. जो ऐकूं येत नाहीं तो साठवावा कशाला? तो टाकून द्यावा, किंवा ओबडधोबड मापानें लिहावा. अशा रीतीनें ओझें अकरा पटींनीं घटविलें कीं ८१ कोटी बाइटांचे सातसाडेसात कोटी होतात आणि बत्तीस तासांचे तीन तास. १९९९ च्या जूनमध्यें ‘नॅप्स्टर’ निघालें, आणि त्यावरून लोक एकमेकांचीं गाणीं हवीं तशीं उचलूं लागले. पुढील एप्रिलांत ‘मेटॅलिका’ या मेटल मंडळीनेंच त्याजवर फिर्याद लाविली, हा इतिहास सर्वश्रुत आहे. चोरी कीं प्रसार हा वाद तेव्हां फार रंगला. पण चोरून नेलेला माल मूळचा नव्हताच, तो चाळून, पाखडून निम्मा कोंडा झालेला होता, याकडे त्या वेळीं फार थोड्यांचें लक्ष गेलें.

एर्लांगनच्या शास्त्रज्ञांना दोष देण्याचें कारण नाहीं. त्यांनीं केलें तें अतिशय बुद्धीचें काम होतें; आणि त्यांच्यामुळें खेड्यापाड्यांतल्या मुलांना जगांतलें संगीत ऐकावयास मिळालें. पण टिमकीचा न्याय सर्वत्र सारखा लागत नाहीं. एकटा गायक व एक वाद्य असेल तर अकरा पटींनीं घटविलेली प्रतहि बरी वाटते. मेटलमध्यें मात्र सगळेच नगारे! वरच्या पट्टींत झांजा अखंड किणकिणत असतात, आणि झांजेचा नाद हा स्वर नसून पुष्कळसा खरखरीच्या जातीचा असतो. त्याचें संक्षिप्त टिपण करूं गेलें कीं तो पाण्यांत बुडालेल्या घुंगरांसारखा बुळबुळीत होतो. ड्रमचा आघात एकाएकीं होतो. पण ही पद्धति ध्वनि लहान लहान तुकड्यांनीं तोलत असल्यामुळें त्या तुकड्यांतली चूक आघाताच्या आधींहि पसरते, आणि घाव पडण्यापूर्वींच त्याची अस्पष्ट चाहूल येते. शंभर वेळां लय बदलणाऱ्या खंडांत याचा परिणाम काय होत असेल तो होवो!

याहून वाईट म्हणजे सांध्यांचा घोटाळा. एमपीथ्रीचा प्रत्येक तुकडा १,१५२ मापांचा असतो, आणि खंडाच्या आरंभीं व अखेरीस जागा उरली तर तेथें शांतता भरावी लागते. सुटीं गाणीं ऐकणाऱ्याला याचा पत्ताहि लागत नाहीं. परंतु ज्या मुद्रिकेंत एक प्रवेश दुसऱ्यांत न थांबतां शिरतो, तेथें प्रत्येक सांध्यावर क्षणभर दिवा गेल्यासारखें होई. निद्रिस्त नायक एका जन्मांतून दुसऱ्या जन्मांत जातो आहे, आणि मध्येंच यंत्र उचकी देतें! पुढें या दोषावर उपाय निघाले. पण आरंभींच्या वर्षांत हजारों श्रोत्यांनीं ही कथा अशी उचक्या देतच ऐकली.

दुसरी वाट अगदीं निराळ्या विचाराची होती. ध्वनि टाकावयाचा नाहीं, पुनरुक्ति मात्र टाकावयाची. क्लॉड शॅनन यानें १९४८ सालीं अमेरिकेंतील बेल प्रयोगशाळेंत असतां जो प्रसिद्ध निबंध लिहिला, त्यांत माहितीचें मोजमाप प्रथमच स्पष्ट झालें. जें आधींच ओळखतां येतें त्यांत माहिती थोडी. जें ओळखतां येत नाहीं त्यांतच माहिती फार. आतां ध्वनीचीं मापें पाहिलीं तर तीं आडवींतिडवीं नसतात. १२००, १२१०, १२२० अशीं मापें आलीं तर पुढचें १२३० च्या आसपास येईल, असें पोरहि सांगेल. प्रत्यक्षांत तें १२३३ आलें, तर संपूर्ण आंकडा न लिहितां भाकित चुकलें तेवढे ३ लिहावेत. वाचणाराहि तेंच भाकित करील, त्यांत ३ मिळवील, आणि त्याला मूळ १२३३ मिळेल. कमी नाहीं, जास्त नाहीं.

या भाकिताच्या शास्त्राला रेषीय भाकित म्हणतां येईल. मनुष्याच्या बोलण्यासाठीं तें वाढविणाऱ्यांत बिष्णु अटल यांचें नांव अग्रभागीं आहे. जपानांत इटाकुरा व साइटो यांनींहि त्याच सुमारास ही वाट चोखाळली. अटल यांचा जन्म १९३३ सालचा, कानपूरचा. बंगलोरच्या इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ सायन्समध्यें त्यांचें शिक्षण झालें, आणि १९६१ मध्यें ते बेल प्रयोगशाळेंत गेले. गंमत अशी कीं, १९७९ सालीं मॅनफ्रेड श्रोडर व अटल यांनीं नगाऱ्याआड टिमकी लपते या कानाच्या धर्माचा उपयोग ध्वनि आटोपशीर करण्यास कसा होईल, यावरहि लिहिलें. म्हणजे एमपीथ्रीच्या वाटेवरहि त्यांचें पाऊल आहे आणि अक्षत प्रतीच्या वाटेवरहि! आपल्याकडे क्रिकेटपटूंच्या धांवा मुलांना तोंडपाठ असतात. या गृहस्थाचें नांव शाळेच्या पुस्तकांत कोठें दिसत नाहीं.

भाकितांतील चुका बहुधा लहान असतात. लहान आंकडा थोड्या जागेंत व मोठा आंकडा अधिक जागेंत लिहिण्याची एक युक्ति सॉलोमन गोलोम यानें १९६६ सालीं दिली. रॉबर्ट राइस यानें अंतराळयानांकडून येणाऱ्या माहितीसाठीं तिचें सोपें रूप केलें. भाकित व राइसची लेखनपद्धति यांची जोड घालून केंब्रिजच्या टोनी रॉबिन्सन यानें १९९४ मध्यें ‘शॉर्टन’ हा कार्यक्रम रचिला. त्याच वळणावर जॉश कोलसन या अमेरिकन गृहस्थानें ‘फ्लॅक’ तयार केला. त्याची पहिली पूर्ण आवृत्ति २० जुलै २००१ रोजीं निघाली. त्यानें ती कोणासहि फुकट वापरण्यास मोकळी ठेविली, हा त्याचा मोठेपणा विशेष सांगण्याजोगा आहे. त्यामुळेंच पुढें अनेक कंपन्यांच्या स्वतःच्या पद्धति मागें पडल्या आणि फ्लॅक टिकला. डिसेंबर २०२४ मध्यें इंटरनेट इंजिनियरिंग टास्क फोर्स या संस्थेनें त्याची रीतसर लेखी व्याख्याहि प्रसिद्ध केली.

फ्लॅकची आणखी एक खुबी आहे. फाईल तयार होतांना मूळ ध्वनीच्या सर्व आंकड्यांवरून एक लहानशी खूण काढून ती आरंभींच नोंदून ठेवितात. पुढें केव्हांहि फाईल उलगडून तीच खूण पुन्हां काढावी. जुळली तर प्रत शुद्ध, न जुळली तर कोठें तरी कण हरवला. वेदपाठकांनीं पद, क्रम, जटा, घन अशा पाठांनीं एकच मंत्र उलटसुलट म्हणून अक्षर न अक्षर राखिलें, त्यांतली दृष्टि हीच. आणि आपल्या इकडे नकलणाऱ्यांच्या हातून ज्ञानेश्वरींत अपपाठ शिरले, म्हणून एकनाथांना शके १५०६ मध्यें ती शुद्ध करण्यास बसावें लागलें. एमपीथ्रीची नक्कल पुन्हां एमपीथ्रींत केली तर तिचेंहि असेंच होतें. प्रत्येक नकलेगणिक ध्वनि झिजतो. अक्षत प्रतीची हजारावी नक्कल मात्र पहिलीच असते.

पण कोणत्याहि भाकिताला खरखर ओळखतां येत नाहीं. स्वरांत क्रम असतो, लयींत क्रम असतो. खरखरींत पुढचें माप मागच्यावरून सांगतांच येत नाहीं, आणि शॅननच्या न्यायानें जें सांगतां येत नाहीं तें सर्वच्या सर्व लिहावें लागतें. म्हणून शांत पियानो फ्लॅकमध्यें अर्ध्या जागेंत किंवा त्याहूनहि कमी जागेंत बसतो, गडगडाटी मेटल पाऊण जागा घेतो, आणि निव्वळ खरखरीला मूळच्या इतकी जागा लागते. ‘सीन्स फ्रॉम अ मेमरी’ची अखेरची खरखर ही अशी महाग वस्तु आहे. जी सामान्य कानाला कवडीमोल, तीच यंत्राला जड. आणि तरी फ्लॅक तिच्याशीं घासाघीस करीत नाहीं, सगळें मोल मोजून ती जशीच्या तशी पदरांत घालतो.

येथें एक गोष्ट प्रामाणिकपणें सांगितली पाहिजे. एमपीथ्रीची प्रत जर चांगल्या मापाची, म्हणजे सेकंदाला ३२० हजार बिटांची असेल, तर अक्षत प्रतींत व तिच्यांत भेद ओळखणें बहुतेकांना साधत नाहीं. डिस्कहूनहि सूक्ष्म मापांच्या महागड्या प्रतींबद्दल मेयर व मोरान या दोघांनीं बॉस्टन येथें आंधळ्या कसोट्या घेतल्या व २००७ सालीं निष्कर्ष प्रसिद्ध केले. साडेपांचशेंच्या वर परीक्षांत श्रोत्यांचीं बरोबर उत्तरें निम्मींच निघालीं, म्हणजे छापाकांटा करून जेवढीं निघालीं असतीं तेवढीं. साठी उलटलेल्या कानाला तर वरच्या पट्टींतलें पुष्कळ ऐकूंच येत नाहीं. असें असूनहि कित्येक हौशी लोक सोन्याच्या मुलाम्याच्या तारा विकत घेतात, आणि शेवटीं बिनतारी यंत्र कानांत घालून ऐकतात. तें यंत्र बहुधा वाटेंतच ध्वनीची काटछाट करीत असतें!

शिवाय अक्षत प्रत जें मिळालें तेंच राखते. मूळचेंच बिघडलेलें असेल तर बिघाडहि अक्षत राखते. १९९० नंतर ध्वनिमुद्रण करणाऱ्यांत मोठ्या आवाजाची चढाओढ लागली. डिस्कवर आवाजाला छत असतें. त्याच्या वर जातां येत नाहीं. मग मऊ स्वर वर उचलावयाचे, उंच शिखरें छाटावयाचीं, म्हणजे सगळेंच छताला टेकतें आणि आपलें गाणें दुसऱ्याच्या गाण्याहून मोठें वाजतें. २००८ सालीं मेटॅलिकाची ‘डेथ मॅग्नेटिक’ ही मुद्रिका निघाली, तेव्हां ही चढाओढ कळसास पोंचली. तीच गाणीं ‘गिटार हीरो’ नांवाच्या खेळांत घेतलेलीं होतीं, आणि तेथें तीं अधिक मोकळीं, श्वास घेणारीं वाजत. हें श्रोत्यांच्या ध्यानांत आल्यावर हजारोंनीं सह्या करून मुद्रिका पुन्हां तयार करण्याची मागणी केली. विकत घेतलेल्या मुद्रिकेपेक्षां मुलांच्या खेळांतली प्रत सरस ठरावी, हा उपहास कोणी कादंबरींत लिहिला असता तर अतिशयोक्ति वाटली असती. अशा मुद्रिकेची अक्षत प्रत म्हणजे भिंतीचें अचूक छायाचित्र. ‘सीन्स फ्रॉम अ मेमरी’हि त्या काळाच्या वाऱ्यापासून पूर्ण अलिप्त नाहीं, तथापि तिच्यांत वैद्याचा हलका आवाज व पुढील गडगडाट यांतलें अंतर शाबूत आहे, आणि कथेचा प्राण त्या अंतरांतच आहे.

तारांची अडचण आतां राहिली नाहीं. जून २०२१ पासून ॲपल म्युझिकनें व सप्टेंबर २०२५ पासून स्पॉटिफायनेंहि लॉसलेस ध्वनि देण्यास आरंभ केला. बत्तीस तासांचें काम पुष्कळ घरांतून मिनिटादोन मिनिटांवर आलें आहे. श्रोत्यापाशीं आतां तूट आहे ती बाइटांची नव्हे, ७७ मिनिटांची. पूर्वीं साधन अपुरें म्हणून कृतीचे तुकडे होत. आज साधन पुरें असून श्रोताच बोटानें तुकडे करतो. एखादा खंड अर्धा ऐकून पुढचा लावावयाचा, तर त्याची प्रत अक्षत असली काय आणि नसली काय!

ज्याला ही कृति खरोखर ऐकावयाची असेल, त्यानें तिचे बाराहि खंड क्रमानें ऐकावेत. अमुकच महाग यंत्र पाहिजे असें नाहीं. साधें, तारेनें जोडलेलें, कानांवर नीट बसणारें यंत्र पुरें. आवाज आरंभीं वाढवूं नये. वैद्याचा आवाज जेमतेम ऐकूं येईल इतकाच ठेवावा, म्हणजे पुढचा कडकडाट आपल्या जागीं पडतो. पहिल्या वेळीं लयीचे हिशेब करीत बसूं नये. कथेच्या मागें जावें. दुसऱ्या वेळीं केवळ म्यंगच्या बेस गिटारकडे लक्ष द्यावें. तो माणूस अबोल, त्याचें वाद्यहि इतरांच्या आड. पण लय जेथें जेथें मोडते तेथें तेथें खालचा सांधा तोच जुळवितो. खराब प्रतींत हा सांधा सहज निसटतो, कारण तो स्वतः पुढें येऊन ओरडत नाहीं.

आणि शेवटची खरखर आली म्हणजे यंत्र बंद करूं नये. ड्रीम थिएटरची पुढची मुद्रिका, ‘सिक्स डिग्रीज ऑफ इनर टर्ब्युलन्स’, २९ जानेवारी २००२ रोजीं निघाली. तिचा आरंभ ना गाण्यानें होतो, ना वाद्यानें. दोन वर्षें तीन महिन्यांपूर्वीं जी खरखर अर्धवट राहिली होती, तीच तेथें पुन्हां सुरू होते. दोन्ही अक्षत प्रती एकापुढें एक लाविल्या तर तबकडीवर घसरलेली ती सुई जणूं तितका वेळ फिरतच होती असें वाटतें, आणि मग त्या खरखरींतूनच नवें गाणें वर येतें.